मगरीच्या तोंडावरची काटकी

व्हिडिओ जेमतेम चाळीस सेकंदांचा आहे. ओढा जिथं कृष्णेला मिळतो तिथलं गढूळ, संथ पाणी. वर झुकलेली बाभूळ, तिच्यावर बगळ्यांची घरटी, खालचा पाला विष्ठेनं पांढरा झालेला. पाण्याबाहेर मगरीचं नाकाड आणि डोळ्यांचे दोन उंचवटे, बाकी काही नाही. नाकाडावर आडव्या तीन काटक्या. एक लहान बगळा काठावरून उठतो, मगरीपासून हातभर लांब अडकलेल्या ओंडक्यावर उतरतो आणि मान पुढं काढतो. पाणी फुटतं, मोबाइल हलतो, पोरांचा आरडाओरडा होतो आणि चित्र संपतं. बगळा सापडला की निसटला, ते शेवटपर्यंत कळत नाही.

हा व्हिडिओ मला आमच्या दुसऱ्या वर्षाच्या वर्गातल्या एका मुलीनं पाठवला. ती पलूस तालुक्यातल्या नदीकाठच्या गावची. गावाचं नाव मी मुद्दाम देत नाही, कारण मगर कुठं दिसते हे कळलं की तिथं रविवारी जत्रा भरते. व्हिडिओखाली कुणीतरी लिहिलं होतं, 'मगर काटक्यांचा सापळा लावून बगळे धरते'. तिनं मला एवढंच विचारलं होतं, "सर, हे टूल युज झालं ना?"

मी प्राणिशास्त्र शिकवतो. टूल युज, म्हणजे प्राण्यानं एखादी वस्तू अवजारासारखी वापरणं, हा मुद्दा वर्गात येतो तो चिंपांझी आणि वाळवीच्या रूपानं, आणि पाच मिनिटांत संपतो. इथं तो आमच्या घाटाखाली येऊन पडला होता. म्हणून आम्ही तो पावसाळाभर धरून ठेवला. काय दिसलं, ते कसं तपासलं आणि कुठं अडलो, ते इथं सगळं मांडतोय.

प्रश्न वर्गापुरता राहिलाच नाही. भिलवडी, औदुंबर, अंकलखोप, आमणापूर या पट्ट्यात माणसं मगरींच्या शेजारीच राहतात. घाटावर धुणं असतं, म्हशी डुंबायला सोडतात, रात्री लाइट आली की शेतकरी पाण्याची मोटार चालू करायला काठावर उतरतो. या नदीनं माणसं गमावलेली आहेत, त्यामुळं भीतीला नावं ठेवायचा मला अधिकार नाही. पण व्हिडिओ फिरायला लागल्यावर भीतीचा रंग बदलला. 'मगरी आता सापळा लावायला शिकल्यात, उद्या पोरांसाठी लावतील' असं बोललं जाऊ लागलं. मगर धरून न्यावी अशी मागणी ग्रामपंचायतीत झाली, आणि ती करणाऱ्यांत त्या मुलीचे वडीलही होते, कारण त्यांची मोटार ओढ्याच्या तोंडाशीच आहे. काही पोरं दगड मारायला जाऊ लागली. दगड मारायला पोरगं जितकं खाली उतरतं, तितकं ते मगरीच्या तोंडाजवळ जातं. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या अनुसूची 1 मधल्या प्राण्याला दगड मारणं हा गुन्हा आहे, ते वेगळंच.

यात एका शब्दानं बराच घोळ घातला. मराठीत आपण हत्यार हा शब्द दोन्हीकडं चालवतो. तलवार हत्यार, आणि गवंड्याची थापी, सुताराचा रंधा, बाईच्या हातातलं खुरपं, ही पण हत्यारंच. व्हिडिओच्या पुढच्या फेरीत कुणीतरी 'प्राणी हत्यार वापरतात हे सिद्ध' असं जोडलं, आणि वाचणाऱ्यानं ते तलवारीच्या अर्थानं वाचलं. साधन म्हणावं तर तो शब्द फार पसरट, वाटेलाही साधन म्हणता येतं. म्हणून आम्ही आपसात अवजार हाच शब्द ठरवला.

अवजाराची व्याख्या मला पुस्तकाआधी काठावर मिळाली. तिथं एक आण्णा आहेत. पूर्वी नाव चालवायचे, आता चार जणांच्या मोटारींवर लक्ष ठेवतात. पुराच्या पाण्यात गुळाच्या काहिलीत बसून माणसं काढलेला माणूस. मी त्यांना विचारलं, "आण्णा, ही मगर काटकी वापरती म्हणायचं का?" ते म्हणाले, "मास्तर, काठी बांधावर पडल्याली असती तवर ती काठी. म्हशीमागं घेतली की हत्यार. आन् म्हशीच्या शिंगात आडाकली तर? तर ती कायबी न्हाई, निस्ता कचरा. तुमी आदी सांगा, ही काटकी सुसरीनं घेतलीया, का तिच्यात आडाकलीया?"

बेंजामिन बेक यांनी 1980 साली प्राण्यांच्या अवजार-वर्तनावरच्या ग्रंथात जी व्याख्या दिली, तिचा गाभा आण्णांच्या तीन वाक्यांत आहे. बेक यांच्या मते वस्तू शरीराबाहेरची आणि सुटी हवी. वापरताना किंवा त्याच्या ऐन आधी प्राण्यानं ती धरलेली किंवा वाहून आणलेली हवी. तिच्यामुळं दुसऱ्या वस्तूत, दुसऱ्या जिवात किंवा स्वतःत काही बदल घडायला हवा. आणि ती नीट लागू पडेल अशी ठेवण्याचं काम त्या प्राण्यानंच केलेलं हवं. 2011 च्या सुधारित आवृत्तीत शब्द थोडे सैल झाले, तरी शेवटची अट तशीच राहिली. आमचं सगळं प्रकरण तिच्यावरच अडलं.

वर्गात ही व्याख्या मी गावातल्या जनावरांवर लावून घेतली. म्हैस बाभळीच्या खोडाला पाठ घासते; खोड सुटं नाही, म्हणून ते अवजार नाही. हत्ती फांदी मोडून सोंडेत धरतो आणि अंगावरच्या माश्या हाकतो, ते अवजार. नागरहोळेतल्या हत्तींना फार लांब फांद्या दिल्यावर त्यांतल्या काहींनी त्या आधी मोडून हाताजोग्या केल्या, म्हणजे अवजार घडवलंसुद्धा. विहिरीवर लोंबणारं सुगरणीचं घरटं कितीही देखणं असलं तरी ते बांधकाम आहे, अवजार नाही. हे मुलांना पटत नाही, कारण त्यांना वाटतं आपण सुगरणीला कमी लेखतोय. तसं नाही. घरटं बांधणं काही वेळा काटकी वापरण्याहून अवघड असतं. अवजार हा शब्द म्हणजे हुशारीचं बक्षीस नव्हे, कामाच्या एका प्रकाराचं ते नाव आहे. गांधीलमाशीच्या जातीतली एक माशी जबड्यात खडा धरून बिळाच्या तोंडावरची माती ठोकून बसवते. तेही अवजारच, आणि म्हणून कुणी तिला चिंपांझीच्या रांगेत बसवत नाही.

सगळ्यात उपयोगी पडलं ते पांढरं गिधाड. शहामृगाचं अंडं चोचीत मावत नाही, तर ते दगड उचलून अंड्यावर आपटतं. जेन गुडाल आणि ह्यूगो व्हान लाविक यांनी हे 1966 साली नोंदवलं. हेच गिधाड लहान अंडं मात्र सरळ उचलून जमिनीवर आपटतं. पहिल्यात अवजार आहे, दुसऱ्यात नाही. पक्षी तोच, फोडायचं ते अंडंच, फुटणंही तेच. फरक एवढाच की दगड कुणी हलवला. याच गुडाल यांनी 1960 साली टांझानियातल्या गोंबेला चिंपांझी काडीची पानं ओरबाडून ती वाळवीच्या वारुळात खुपसताना पाहिला होता. तिथं हात दिसतो, काडी दिसते, काडी चाटताना तोंड दिसतं. शंकेला जागाच नाही. मगरीला मात्र हात नाहीत, आणि तिचं बहुतेक काम पाण्याखाली चालतं.

मुलीनं मग शोधून आणलं की याच प्रश्नावर आपल्याच देशात काम झालंय. महाबलीपुरमजवळ मद्रास क्रोकोडाइल बँक हे मगरी पाळून जपणारं केंद्र आहे, रोम्युलस व्हिटेकर यांच्या पुढाकारानं 1976 साली सुरू झालेलं. तिथल्या तळ्यांवर बगळे वसाहत करतात. व्लादिमीर डिनेट्स या संशोधकांना तिथं मगरी नाकाडावर काटक्या घेऊन निश्चल पडलेल्या दिसल्या, आणि काटकी उचलायला आलेल्या बगळ्यावर झडप घालतानाही दिसल्या. पुढं त्यांनी आणि सहकाऱ्यांनी अमेरिकेत लुइझियानामध्ये अ‍ॅलिगेटरांवर, म्हणजे मगरीच्या तिकडच्या नातेवाइकांवर, वर्षभर नजर ठेवली, काही जागा बगळ्यांच्या वसाहतीजवळच्या आणि काही लांबच्या. काटक्या मिरवणारे अ‍ॅलिगेटर मुख्यतः वसाहतींजवळ आणि घरटी बांधायच्या दिवसांत दिसले. 2013 च्या अखेरीस हे प्रसिद्ध झालं, आणि सरपटणारे प्राणीही अवजार वापरतात म्हणून बातम्या झाल्या. सोयीची गोष्ट म्हणजे आमच्या नदीतली मगर आणि मद्रासची मगर एकाच जातीची.

मुलगी खूश झाली. मलाही आनंद झाला, पण त्या संशोधनातली एक बाब मी तिला पुन्हा वाचायला लावली. लुइझियानातल्या त्या दलदलीत तरंगत्या काटक्या मुळातच फार कमी असतात, घरट्यांच्या दिवसांत तर बगळे असतील तेवढ्या वेचून नेतात. म्हणून तिथं अ‍ॅलिगेटरच्या तोंडावर काटकी असणं हे सहजासहजी घडणारं नाही, आणि म्हणूनच त्याला वजन आहे. मी म्हटलं, "आता जुलैतली आपली कृष्णा डोळ्यांपुढं आण."

महाबळेश्वरपासून वाहत आलेलं, कोयनेचं पाणी घेतलेलं नवं पाणी येतं तेव्हा त्यात काय नसतं? उसाचं पाचट, बाभळीच्या काटक्या, केंदाळ, निर्माल्य, थर्माकोलच्या पत्रावळ्या, चपला. सांगलीत आयर्विन पुलाजवळ 40 फुटांना इशारा आणि 45 फुटांना धोका धरतात. पाणी त्याच्या कितीतरी खाली असतानाच ओढ्याची तोंडं तुंबतात आणि मुख्य धारेतला सगळा कचरा तिथं गोल फिरत राहतो. तिथंच मगर थांबते, कारण धारेत ताकद खर्च करण्यापेक्षा ओढ्यातलं संथ पाणी बरं. तिथंच बाभूळ, तिथंच बगळे. घरट्यांतून काटक्या खाली पडतात, पिल्लंही पडतात. मगर पिल्लांसाठी झाडाखाली येऊन पडली, आणि झाडावरच्या काटक्या तिच्यावर पडल्या, तरी व्हिडिओत दिसतं ते सगळं जुळून येतं. सापळ्याची गरजच राहत नाही.

म्हणून आम्ही वही घातली. उंच दरडीवर जॅकवेलच्या, म्हणजे नदीचं पाणी उपसायच्या विहिरीच्या, कठड्याआडून, दुर्बिणीनं, फक्त सकाळी. पाण्यात उतरायचं नाही, काही फेकायचं नाही. दोन जागा ठरवल्या. एक बाभळीखालची, दुसरी त्याच ओढ्याच्या वरच्या वळणावर, जिथं पाणी तसंच संथ आहे पण घरटं एकही नाही. वहीत रकाने पाडले: तारीख, पाणी, वारा, जागा, तोंडावर काय, बगळा किती लांब. शेवटचा रकाना आण्णांच्या प्रश्नाचा, 'कुणी ठेवली?'

जून ते गणपती एवढ्या काळात, रविवार आणि सुट्ट्या धरून, जितक्या सकाळी जमल्या तितक्या बसलो. एवढ्या थोड्या पाहण्यावरून टक्केवारी काढणं मला पटत नाही, म्हणून दिसलं तसं सांगतो. बाभळीखाली मगरीच्या अंगावर काटक्या जास्त वेळा दिसल्या, हे खरं. पण घरटी नसलेल्या वळणावरही दिसल्या. शिवाय काटक्यांबरोबर पाचट दिसलं, केंदाळाचा अख्खा गड्डा दिसला, एकदा झेंडूची माळ दिसली. आणि या गोष्टी नुसत्या तोंडावर नव्हत्या, पाठीवरच्या खवल्यांतही अडकलेल्या होत्या. बगळ्याला भुलवायचं असेल तर पाठीवर पाचट कशाला? 'कुणी ठेवली?' मध्ये आम्ही बहुतेक ठिकाणी 'पाण्यानं' किंवा 'घरट्यातनं पडली' असं लिहिलं.

झेंडूच्या माळेनं मात्र मला थांबवलं. सावित्री नदीही महाबळेश्वरालाच उगम पावते आणि पश्चिमेकडं उतरते. तिच्यातल्या मगरी पाण्यावरच्या झेंडूच्या फुलांजवळ, फुलांना अंग लावून पडतात, अशी नोंद 2023 साली प्रसिद्ध झाली आहे. फुलांच्या त्या नोंदीत ना बगळा, ना सापळा. म्हणजे मगरीच्या अंगावर वस्तू असण्यामागं पाणी आणि शिकार एवढीच कारणं असतील असंही नाही. तिला ती हवीहवीशी वाटत असेल, ती खेळत असेल. मगरीच्या जबड्याच्या कडेनं तिळासारखे काळे ठिपके असतात. त्यांना पाण्याचा बारीक तरंगही कळतो. तेव्हा नाकाडावरची काटकी तिला कळत नसेल हे शक्य नाही. ती झटकून टाकू शकते आणि टाकत नाही, एवढं तर नक्की. पण चालवून घेणं वेगळं आणि वापरणं वेगळं.

आता ती एक सकाळ. ऑगस्टचा पहिला पंधरवडा, पाऊस उघडलेला, वारा पडलेला, पाणी दोन दिवस उतरलेलं. ओढ्यात फिरणारा कचरा काठाला लागून थांबला होता, त्यामुळं मधलं पाणी त्या मोसमात पहिल्यांदाच मोकळं होतं. मगर बाभळीखाली, नाकाडावर एकच काटकी, वीतभर लांब, एका टोकाला फाटा असलेली. पलीकडं कुणीतरी मोटार चालू केली. धक्का बसला तशी मगर खाली गेली, काटकी तरंगत राहिली आणि हळूहळू तीन-चार हात बाजूला सरकली. आम्ही काटकीकडंच बघत राहिलो. थोड्या वेळानं मगर पहिल्याच जागी वर आली, तोंड रिकामं. काही काळ काहीच झालं नाही. मग तिनं शेपूट एकदा वळवली, अंग फिरवलं आणि इतक्या सावकाश पुढं आली की पाण्यावर रेघही उठली नाही. नाकाड काटकीखाली गेलं. ती थांबली, बोटभर वर आली, आणि काटकी पुन्हा आडवी तिच्या तोंडावर होती. तोच फाटा, दुर्बिणीत स्पष्ट दिसत होता. वरच्या फांदीवरचा बगळा खाली बघत होता. तो उतरला नाही. पाऊण तासानं आम्हीच उठलो.

मुलीचा हात थरथरत होता. तिनं माझ्याकडं बघितलं आणि म्हणाली, "सर, आता?"

आताही मी घाई केली नाही, आणि त्यासाठी तिचा थोडा राग ओढवून घेतला. मगर काटकीकडंच गेली, की पिल्लं जास्त पडतात त्या फांदीखाली गेली आणि काटकी वाटेत आली? एकदा घडलेल्या गोष्टीवरून हे सांगता येत नाही. अमेरिकेतल्या बिळात राहणाऱ्या घुबडांवर 2004 साली जे काम प्रसिद्ध झालं, ते मी तिला यासाठीच दाखवलं. ही घुबडं बिळाच्या तोंडाशी जनावरांचं शेण आणून पसरतात. संशोधकांनी शेण काढून बघितलं, पुन्हा घालून बघितलं. शेण असताना घुबडांच्या खाण्यात शेणकिडे दहापट आढळले. काढून आणि घालून पाहिल्यावर शेणाचा परिणाम पक्का झाला. आम्हाला मगरीच्या तोंडावरची काटकी काढता येत नाही आणि घालता येत नाही. फ्लोरिडात बंदिस्त अ‍ॅलिगेटरांना काटक्या उपलब्ध करून देऊन नंतर असा प्रयोग झाला, आणि वसाहतीजवळचे अ‍ॅलिगेटर त्या जास्त मिरवतात असं त्यात काही दिसलं नाही. म्हणजे जिथं हे काम जोमानं झालं तिथंही वाद मिटलेला नाही.

माझा निर्णय असा आहे. व्हिडिओतल्या प्रसंगाला अवजार म्हणता येणार नाही. वस्तू सुटी आहे, शिकारही आहे, पण ती काटकी मगरीनं ठेवली याचा पुरावा नाही आणि पाण्यानं ठेवली असण्याला भरपूर वाव आहे. मगरी असं करूच शकत नाहीत, असं मात्र मी म्हणणार नाही. मद्रासच्या निरीक्षणांना मी मान देतो. पण तिथल्या स्वच्छ तळ्यातला पुरावा इथल्या जुलैच्या गढूळ पाण्याला जसाच्या तसा लावता येत नाही.

हेच आम्ही गावात सांगितलं, चावडीवर, व्हिडिओ दाखवत दाखवत. मुलीनंच सांगितलं, मी मागं बसलो. तिनं वडिलांना सगळ्यांसमोर म्हटलं, "आप्पा, सापळा असो नसो, मगर त्या बाभळीखाली जून ते सप्टेंबर असणारच, कारण वरनं पिल्लं पडतात. मोटारीची जागा तेवढे महिने वर घ्या." शास्त्राचा वाद त्यांना किती पटला ठाऊक नाही, पण मोटार वर घेतली. पोरांचा दगडांचा खेळ थांबवण्याचं काम आण्णांनी पत्करलं आणि त्यांच्या पद्धतीनं केलं.

पुढच्या वर्षाचं ठरलंय. बगळे जूनच्या सुरुवातीला घरट्याला लागतात आणि नवं पाणी काही दिवसांनी येतं. त्या मधल्या दिवसांत नदी खाली असते, पाणी निवळ असतं, तरंगती काटकी औषधालाही सापडत नाही. नेमक्या त्या दिवसांत मगरीच्या तोंडावर काटकी दिसली, तर ती आली कुठून हे विचारण्यात अर्थ आहे. बसायचं तेव्हा.

वहीत त्या ऑगस्टच्या सकाळीपुढं 'कुणी ठेवली?' या रकान्यात मुलीनं पेन्सिलीनं 'मगरीनं' लिहिलंय. त्याच्या खाली मी पेन्सिलीनंच 'माहीत नाही' लिहिलं. दोन्ही तसंच ठेवलंय.